बेपत्त्याची नोंद आणि पोलिसांचे कर्तव्य

२०२५ च्या ऑगस्टमध्ये रत्नागिरी शहराला बसलेला हादरा अद्याप ओसरलेला नाही. येथील एक तरुणी घराबाहेर पडली ती परतली नाही. घरच्यांनी पोलिसांत वर्दी दिली आणि शोधाच्या अखेरीस तिचा मृतदेह आंबा घाटात सापडला. त्या तपासातून पोलिसांनीच जी माहिती जाहीर केली, ती याहून भयंकर होती. २०२४ पासून बेपत्ता असलेल्या एका तरुणाच्या खुनाचा आरोपही त्याच संशयितावर आला. आरोपांचा निवाडा न्यायालय करील. त्याविषयी आम्ही काही लिहू इच्छीत नाही. परंतु तो तरुण वर्षाहून अधिक काळ सरकारी दप्तरी केवळ ‘बेपत्ता’ या एका शब्दाखाली पडून होता, ही गोष्ट कोणाही विचारी नागरिकाला अस्वस्थ करणारी आहे.

शाळेच्या हजेरीपटावर गैरहजर मुलापुढे खूण केली म्हणजे मूल कोठे आहे याचा शोध लागला असे कोणी शिक्षक मानीत नाही. आपल्या पोलीस ठाण्यांत मात्र नोंद करणे म्हणजेच शोध घेणे, असा समज रूढ होऊन बसला आहे. तीही नोंद सुखासुखी होत नाही. ‘चोवीस तास वाट पाहा’, ‘रागावून गेली असेल, येईल चार दिवसांत’, ही उत्तरे ज्यांनी ऐकली आहेत त्यांना आमचे म्हणणे अतिशयोक्त वाटणार नाही. वस्तुतः चोवीस तास थांबण्यास सांगणारा एकही कायदा या देशात नाही.

कायदा काय सांगतो? दखलपात्र गुन्ह्याची खबर मिळताच ती नोंदविणे पोलिसांवर बंधनकारक आहे, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने १२ नोव्हेंबर २०१३ रोजी ललिता कुमारी खटल्यात दिला. तो खटलाच मुळी एका नाहीशा झालेल्या अल्पवयीन मुलीच्या पित्याने न्यायालयाकडे घेतलेल्या धावेतून उभा राहिला होता. त्याच वर्षी मे महिन्यात, मूल हरवल्याची तक्रार आली तर अपहरण अथवा मानवी व्यापार गृहीत धरून गुन्हा नोंदवावा, असाही आदेश झाला. १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३ नुसार दखलपात्र गुन्ह्याची खबर कोणत्याही ठाण्यात देता येते, हद्दीची सबब चालत नाही. तिची प्रत फिर्यादीस विनामूल्य मिळाली पाहिजे. ठाणेदाराने नकार दिल्यास पोलीस अधीक्षकांकडे व तेथेही दाद न लागल्यास दंडाधिकाऱ्यांकडे जाता येते.

मग अडते कोठे? प्रौढ माणूस नाहीसा होणे हा स्वतः गुन्हा नाही, आणि या एका वाक्याच्या आडोशाला सारी दिरंगाई सुखाने नांदते. गुन्हा घडल्याचे नातेवाइकांनी सिद्ध करावे, मग आम्ही तपास करू, ही वृत्ती कायद्याला धरून नाही. १९५१ च्या महाराष्ट्र पोलीस अधिनियमाचे कलम ६४ गुन्ह्यांची व गुन्ह्यांच्या बेतांची माहिती मिळविणे हे पोलिसांचेच कर्तव्य ठरविते. पुरावा शोधण्याचे ओझे शोकाकुल आईबापांच्या शिरावर टाकण्याची मुभा त्यात कोठेही नाही.

दिरंगाईचे मोल काय, हे महाराष्ट्राने पाहिले आहे. सहायक पोलीस निरीक्षक अश्विनी बिद्रे एप्रिल २०१६ मध्ये नाहीशा झाल्या. जुलैमध्ये त्यांच्या कुटुंबाने तक्रार दिली. अपहरणाचा गुन्हा नोंदला गेला तो २०१७ च्या प्रारंभी, आणि वरिष्ठ पोलीस निरीक्षक अभय कुरुंदकर यांना अटक झाली ती त्या वर्षाच्या डिसेंबरात. एप्रिल २०२५ मध्ये पनवेलच्या न्यायालयाने त्यांना जन्मठेप ठोठावली. मृतदेह मात्र हाती लागलाच नाही. जिच्या अंगावर पोलिसाचा गणवेश होता तिच्या आप्तांची ही गत, तर मिरकरवाड्यात होडीवर राबणाऱ्या परमुलखातील खलाशाची किंवा आंब्याच्या बागेत राखण करणाऱ्या नेपाळी गड्याची वर्दी घेऊन कोण कोणाकडे जाणार?

या प्रश्नाला दुसरी बाजू आहे, ती नाकारण्यात अर्थ नाही. सज्ञान स्त्री-पुरुषांना स्वेच्छेने घर सोडण्याचा हक्क आहे. पोलिसांनी शोध घेऊन ती व्यक्ती सुखरूप व स्वतंत्र असल्याची खातरी करावी. तिच्या मर्जीविरुद्ध तिला घरी ओढून आणणे हे त्यांचे काम नव्हे. परंतु ही खातरीदेखील शोधानंतरच होते. ‘स्वखुशीने गेली असेल’ हा तपासाचा निष्कर्ष असू शकतो, तपास टाळण्याचे कारण नव्हे. अब्रूच्या धास्तीने दिवस दिवस गप्प बसणाऱ्या कुटुंबांनीही हे ध्यानी घ्यावे की, फोनच्या नोंदी आणि रस्त्यावरील कॅमेऱ्यांतील चित्रे त्यांच्या संकोचासाठी थांबून राहत नाहीत.

आमच्या मागण्या साध्या आहेत. बेपत्त्याच्या प्रत्येक वर्दीची लेखी पोच त्याच घटकेला मिळावी. ठरावीक मुदतीत माणूस न सापडल्यास ते प्रकरण आपोआप वरिष्ठ अधिकाऱ्यापुढे जावे आणि पुढे काय केले, हे नातेवाइकांस लेखी कळवावे. जिल्ह्यातील अनोळखी मृतदेहांच्या नोंदी बेपत्त्यांच्या नोंदींशी दरमहा ताडून पाहाव्यात. संशय पोलिसावरच असेल तेथे तपास दुसऱ्या यंत्रणेकडे सोपवावा. यांतील एकाही गोष्टीस नवा कायदा लागत नाही; लागते ती केवळ कर्तव्याची जाणीव.

सात वर्षे खबर न लागलेल्या माणसास मृत मानण्याची तरतूद आपल्या पुराव्याच्या कायद्यात आहे. निदान तोवर तरी तो जिवंत आहे असे समजून त्याचा शोध घेणे, एवढी अपेक्षा पोलीस खात्याकडून करणे खचित अवाजवी नाही.