यंत्र धडधाकट, दुभाषा बेपत्ता

तहसील कचेरीबाहेर प्रतिज्ञापत्रे टाइप करून देणाऱ्याने संगणक बदलला, की पुष्कळदा दुसऱ्याच दिवशी एक नवे दुखणे उभे राहते. दहा-बारा वर्षे बिनतक्रार छापणारा लेझर प्रिंटर एकाएकी मुका होतो. रोलर ठीक, टोनर भरलेला, तार जोडलेली. पण नवा संगणक त्याला ओळखतच नाही. दुरुस्तीवाला सांगतो, ‘याचा ड्रायव्हर नाही, नवा प्रिंटर घ्या.’

मायक्रोसॉफ्टने १४ ऑक्टोबर २०२५ रोजी विंडोज १०चा सर्वसाधारण आधार काढून घेतला, त्यानंतर ही वेळ अनेकांवर आली. ड्रायव्हर म्हणजे संगणक आणि प्रिंटर यांच्यामधला दुभाषा. विंडोज ११ केवळ ६४ बिटी आहे. ३२ बिटी विंडोजसाठी लिहिलेला दुभाषा तेथे चालत नाही. नवा लिहिणे एकट्या प्रिंटर कंपनीच्या हाती, आणि विकून झालेल्या यंत्रासाठी तिने तो खर्च का करावा?

गंमत अशी, की या व्यवहारात जास्त जुने यंत्र जास्त टिकते. बँकेत पासबुक छापणारा खडखडाट करणारा डॉट मॅट्रिक्स पाहा. एप्सनने ऐंशीच्या दशकात रूढ केलेली त्याची आज्ञांची भाषा उघड आहे. संगणकाने अक्षरे पाठवावीत, ती कागदावर उमटवण्याचे काम प्रिंटरचे. पुढे लेझर प्रिंटर स्वस्त करण्यासाठी अनेक कंपन्यांनी त्यातला मेंदूच काढून संगणकावर टाकला. एचपीच्या लेझरजेट १०२०सारख्या यंत्राला तर प्रत्येक वेळी सुरू झाल्यावर त्याची स्वतःची आज्ञावलीही संगणकाकडून घ्यावी लागते. ग्राहकाचे चार पैसे वाचले खरे, पण यंत्राचे आयुष्य दुभाष्याच्या आयुष्याला बांधले गेले. हे विकताना कोणी सांगितले नाही.

मायक्रोसॉफ्टची बाजूही ऐकली पाहिजे. जुलै २०२१मध्ये ‘प्रिंटनाइटमेअर’ नावाने गाजलेल्या त्रुटीने दाखवून दिले, की छपाईच्या वाटेने परका माणूस अख्ख्या संगणकाचा ताबा घेऊ शकतो. त्यामुळे प्रत्येक कंपनीचे वेगळे ड्रायव्हर नकोत, सर्वांना एकच सामाईक भाषा असावी, हा विचार चुकीचा नाही. सप्टेंबर २०२३मध्ये कंपनीने तसे जाहीरही केले: विंडोज अपडेटमार्फत इतरांचे ड्रायव्हर पुरवणे टप्प्याटप्प्याने आवरते घेणार. आधीचे ड्रायव्हर कोणी काढून घेत नाही. पण सामाईक भाषा न जाणणाऱ्या जुन्या यंत्राला नवा दुभाषा मिळण्याची आशा मावळते. सुरक्षितता सर्वांची, भुर्दंड मात्र टायपिस्टचा, ही वाटणी खटकते.

आणि वाटा नाहीत असेही नाही. एमआयटीच्या प्रयोगशाळेत १९८०च्या सुमारास रिचर्ड स्टॉलमन यांना झेरॉक्सच्या एका लेझर प्रिंटरची मूळ आज्ञावली हवी होती. ती नाकारली गेली. १९८३मध्ये त्यांनी मुक्त सॉफ्टवेअरचा ‘ग्नू’ प्रकल्प जाहीर केला, त्यामागे हाही एक सल होता. त्या परंपरेतल्या स्वयंसेवकांनीच १०२०साठी लिनक्सचा ड्रायव्हर फुकट लिहिला. म्हणजे अडचण तंत्राची नाही, परवानगीची आहे.

आपल्याकडे केंद्र सरकारने डिसेंबर २०२२मध्ये दुरुस्तीच्या हक्काचे संकेतस्थळ काढले. २०२२च्या ई-कचरा नियमांत प्रिंटरही येतो. भंगाराच्या पुनर्वापराची जबाबदारी उत्पादकावर आहे. पण चालते यंत्र भंगारात जाऊ नये म्हणून ड्रायव्हर किती वर्षे द्यावा, याचे बंधन त्या नियमांत नाही. ते घालावे, आणि ज्या दिवशी कंपनी हात वर करील, त्या दिवशी यंत्राची भाषा तिने जाहीर करावी.

तोवर टायपिस्ट आपली सोय आपणच बघतो. जुना संगणक तो फेकत नाही. इंटरनेटची तार काढून तो प्रिंटरशेजारी ठेवतो, आणि नव्यावर टाइप केलेला मजकूर पेनड्राइव्हवर घालून दोन हातांवरच्या जुन्याकडे नेतो.