बळीराजा धरण: संशोधनाचा पहिला हक्क कोणाचा?

१/ सांगली जिल्ह्याच्या खानापूर तालुक्यात येरळा नदीवर ‘बळीराजा’ हे लहानसे धरण आहे. कोयनेपुढे ते नगण्य. तरीही इतिहासात त्याला मोठे स्थान द्यावयास हवे, असे माझे मत आहे.

२/ १९८२च्या संपानंतर मुंबईचे अनेक गिरणी कामगार गावी परतले. गावी दुष्काळ होता. डॉ. भारत पाटणकर यांच्या ‘मुक्ती संघर्ष’ चळवळीने केवळ रोजगार हमीची कामे मागितली नाहीत. दुष्काळ मुळात पडतोच का, असे विचारले.

३/ या शोधात ग्रामस्थ निव्वळ ‘माहिती देणारे’ नव्हते. पाऊस, पिके, पाणी यांची पाहणी त्यांनी विज्ञान चळवळीतील कार्यकर्त्यांसह केली. अभियंते के. आर. दाते यांनी आपले ज्ञान त्यांच्या कामी लावले.

४/ येरळेची वाळू ठेकेदार उपसून नेत होते. बलवडी व तांदुळवाडीच्या लोकांनी तिच्यावर हक्क सांगितला आणि मर्यादित वाळू विकून धरणासाठी पैसा उभारला. पाण्याचा वाटा जमिनीच्या मापाने नव्हे, कुटुंबागणिक समान ठरला, भूमिहीनांचाही.

५/ हा वारसा जुना आहे. सांगली वेगळी होण्यापूर्वीच्या एकसंध सातारा जिल्ह्यात, १९४३ पासून, क्रांतिसिंह नाना पाटलांच्या प्रतिसरकारने लोकांच्या हाती कारभार दिला होता. बळीराजाने त्यात ज्ञानाची भर घातली.

६/ म्हणून कोणताही दुष्काळ-अहवाल वाचताना तीन प्रश्न विचारावेत: विषय कोणी ठरवला? निष्कर्ष प्रथम कोणाला कळले? आणि पाणी कोणाच्या वाट्याला आले?