छावणीतला वाचक

१९०९ हे साल मराठी वाचकाला दिवाळी अंकामुळे ठाऊक आहे. काशिनाथ रघुनाथ मित्र यांच्या ‘मनोरंजन’ने त्या वर्षी पहिला दिवाळी अंक काढला आणि आज तुमच्या हाती असलेल्या अंकाची परंपरा तिथून सुरू झाली. त्याच वर्षी, २ जानेवारीला, अलाहाबादेत आणखी एक नियतकालिक जन्माला आले होते. ‘फौजी अखबार’ हे त्याचे नाव. सैनिकांसाठी सरकारने काढलेले हे साप्ताहिक १९५४ मध्ये ‘सैनिक समाचार’ झाले, पुढे मराठीसह १३ भाषांत निघू लागले आणि २००९ मध्ये त्याने शंभरी गाठली. नियतकालिकांच्या आपल्या गप्पांत मात्र त्याचे नाव सहसा निघत नाही. यंदा ते मुद्दाम काढावेसे वाटले.

ते कोणत्या दिवसांत सुरू झाले हे आधी पाहिले पाहिजे. जुलै १९०८ मध्ये ‘केसरी’तील लेखांबद्दल टिळकांना सहा वर्षांची शिक्षा झाली होती. अखबाराचा पहिला अंक निघाला तेव्हा ते मंडालेच्या तुरुंगात होते. चिथावणीखोर मजकूर छापल्यास छापखाना जप्त करण्याचा कायदा १९०८ मध्येच झाला आणि १९१० मध्ये त्याहून कडक कायदा आला. एकीकडे संपादक गजाआड आणि दुसरीकडे सरकारचे स्वतःचे पत्र पलटणीत. शिपायाच्या कानावर काय पडावे हे सरकारला आपल्या हाती ठेवायचे होते, असाच याचा अर्थ मी लावतो. पण एकदा वाचायची सवय लागली की माणूस काय वाचेल आणि त्यातून काय घेईल, हे कुणाच्याच हाती राहत नाही.

पाच वर्षांत महायुद्ध आले. समुद्र न पाहिलेली माणसे फ्रान्सच्या चिखलात, मेसोपोटेमियाच्या वाळवंटात उभी राहिली. मेसोपोटेमियातल्याच कूतच्या वेढ्यात १०३, ११० आणि ११७ या मराठा पलटणी होत्या. डिसेंबर १९१५ ते एप्रिल १९१६ वेढा चालला, उपासमार झाली, शेवटी शरणागती आणि तुर्कांची कैद. या युद्धात सुमारे ७४,००० हिंदी सैनिक गेले. सातारा जिल्ह्यातल्या अपशिंगे या एकाच गावाने ४६ माणसे गमावली.

त्या सैनिकांना काय वाटत होते? त्याचे उत्तर सरकारी छापील मजकुरात नाही, ते त्यांच्या पत्रांत सापडते. फ्रान्समधून गावी जाणारी पत्रे सेन्सॉरचे अधिकारी उघडत, भाषांतर करून उतारे ठेवून घेत. ते उतारे आज लंडनच्या ब्रिटिश लायब्ररीत आहेत. शिपायांनाही हे कळले होते. मग काहींनी युक्ती केली: काळी मिरी म्हणजे हिंदी शिपाई, लाल मिरची म्हणजे गोरे. मिरी संपत आली, असे लिहिले की घरच्यांनी समजून घ्यायचे. हे वाचताना अंगावर काटा येतो. ज्यांना धड लिहिता येत नव्हते, ज्यांची पत्रे दुसऱ्याने लिहून द्यायची, त्यांनी शब्दांवर किती विचार केला असेल! अशा माणसांना नुसते बातम्या ऐकणारे समजणे हा त्यांच्यावर अन्यायच होता.

म्हणून मला ‘फौजी अखबार’च्या १९०९ मधल्या आरंभापेक्षा त्यातला पुढचा बदल मोठा वाटतो. इंग्रजांच्या फौजेत रोमन लिपीतल्या उर्दूचे राज्य होते. कोकणातला, देशावरचा शिपाई ती शिके, तिच्या परीक्षा देई. पुढे तेच पत्र त्याच्या मायबोलीत त्याच्या बराकीत आले. ते सरकारीच राहिले, त्यात सरकारी कार्यक्रमांची छायाचित्रे भरपूर, हे खरे. तरीही सिक्कीमच्या ठाण्यावरच्या मराठी जवानाला मराठीत काहीतरी वाचायला मिळावे, ही गरज सरकारने ओळखली. आम्ही दिवाळी अंकवाल्यांनी ती फारशी ओळखली नाही. आमच्या अंकांत सैनिक येतो तो बहुधा हौतात्म्याच्या कथेत किंवा कवितेत. वाचक म्हणून, लेखक म्हणून तो फार क्वचित येतो.

पुढच्या वर्षी या अंकात एक विभाग सैनिकांच्या लेखनाचा असेल. सेवेतल्यांनी आपल्या वरिष्ठांची परवानगी घेऊन, निवृत्तांनी मोकळेपणाने लिहावे. तुकड्यांची नावे, ठाण्यांचे ठिकाण वगळा. स्वयंपाकघर, रजेचा अर्ज, पहिली बर्फवृष्टी, गावी परतल्यावर लागणारा शेताचा वाद, सगळे चालेल. घरी आजोबा-पणजोबांची युद्धकाळातली पत्रे असतील तर त्यांच्या प्रती पाठवा, मूळ कागद घरीच ठेवा. मोडीत असतील तरी पाठवा, वाचून घेण्याची व्यवस्था आम्ही करू. मजकूर मार्चअखेरपर्यंत आमच्याकडे पोचावा.