बदली की शिक्षा?

सरकारी नोकरास बडतर्फ करावयाचे किंवा खालच्या पायरीवर उतरवावयाचे झाल्यास त्याजवर दोषारोप ठेवून रीतसर चौकशी केली पाहिजे, असे राज्यघटनेचे ३११ वे कलम सांगते. बदलीस मात्र हे कलम लागू नाही. आणि पुढच्या दाराला कुलूप असले म्हणजे सत्ता मागचे दार शोधते. आरोप नाही, चौकशी नाही. चार ओळींचा हुकूम निघतो, आणि कोणाच्या तरी वाटेत आड आलेला अधिकारी दूरच्या जिल्ह्यात जाऊन पडतो. शिक्षा ती शिक्षाच; नाव मात्र 'प्रशासकीय सोय'!

न्यायालये अशा हुकुमांत सहसा हात घालीत नाहीत, आणि तत्त्वतः ते योग्यच आहे. कोणास कोठे नेमावे हे न्यायाधीश ठरवू लागल्यास राज्यकारभार चालावयाचा नाही. बदली दुष्ट हेतूने अथवा कायदा मोडून झाली असेल तरच न्यायालय आड येईल, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९३ साली अब्बास खटल्यात सांगितले. परंतु दुसऱ्याच्या पोटातील हेतू सिद्ध करावा कसा? तामिळनाडूचे मुख्य सचिव रोयप्पा यांनी आपल्या बदलीमागे आकस असल्याची तक्रार पाच न्यायमूर्तींपुढे नेली. मनमानी आणि समता यांचे हाडवैर आहे, हे थोर तत्त्व १९७३ सालच्या त्या निकालाने दिले. रोयप्पा मात्र हरले, कारण आकस शाबीत करण्याचा जड भार त्यांजवरच होता. मुख्य सचिवाची ही गत, तर तालुक्याच्या कारकुनाने काय करावे?

सोमेश तिवारी खटल्याने २००८ साली थोडी वाट मोकळी केली. निनावी तक्रार चौकशीत टिकली नसताही त्यांस भोपाळहून शिलाँगला धाडण्यात आले होते. शिक्षेऐवजी केलेली बदली बेकायदा होय, असे ठरवून न्यायालयाने तो हुकूम रद्द केला. व्यक्तिगत वैर दाखविता आले नाही तरी अधिकाराचा गैरवापर उघड दिसत असल्यास पुरे, हे त्यातील सार.

महाराष्ट्राने तर या कामी स्वतंत्र कायदाच केला आहे. २००५ चा हा कायदा १ जुलै २००६ पासून अमलात आला. नेमणुकीची मुदत सामान्यतः ३ वर्षांची. बदल्या एप्रिल-मे महिन्यांत. मुदतीपूर्वी हलवावयाचे तर लेखी कारणे व वरिष्ठाची पूर्वसंमती हवी. पण 'विशेष कारण' या दोन शब्दांच्या फटीतून हत्ती निघून जातो. प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे दाद मागता येते खरी; परंतु निकाल लागेपर्यंत मुलांच्या शाळेचे वर्ष बुडालेले असते.

आमच्या व्यापारी वाचकांनी हा परक्याचा प्रश्न समजू नये. वजनमापे चोख तपासणारा निरीक्षक महिन्याभरात उचलला गेला, तर लाभ खोट्या तराजूचा आणि तोटा खऱ्या दुकानदाराचा.

खेड्यातील नेमणूक टाळण्यासाठी कोर्टाची पायरी चढणाऱ्यांची वकिली आम्ही करीत नाही. आमचे मागणे इतकेच : मुदतपूर्व बदलीचे कारण हुकुमातच लिहावे, ज्याच्या शिफारशीने ती झाली त्याचे नाव दप्तरी नोंदवावे, अशा अर्जांचा निकाल ठरीव मुदतीत लागावा, आणि आकस शाबीत झाल्यास खर्च सरकारी तिजोरीतून नव्हे, तर हुकूम काढणाऱ्याच्या खिशातून वसूल व्हावा. ज्याचा हेतू शुद्ध आहे त्याने कारण लिहिण्यास भिण्याचे कारण नाही.