दहा रुपयांची क्लिप

मागच्या रविवारी एका वाचक बंधूंनी आम्हांस बसथांब्यावर गाठले आणि म्हणाले, "तुम्ही शाळेच्या दाखल्यांवर लिहिता, पेन्शनच्या अर्जांवर लिहिता, मग गाडीवर का लिहीत नाही? आता आपल्या गल्लीतही दाराशी गाड्या उभ्या राहू लागल्यात." त्यांचे म्हणणे रास्त आहे. मारुती ८०० ही गाडी डिसेंबर १९८३ मध्ये पहिल्या गिऱ्हाइकाच्या हाती पडली आणि जानेवारी २०१४ मध्ये तिचे उत्पादन थांबले. या तीस वर्षांत कामगाराच्या घरी जी पहिली गाडी आली, ती बहुधा कोणीतरी आधी वापरलेलीच आली. अशी गाडी घेताना आपण किंमत पाहतो, रंग पाहतो, कागदपत्रे पाहतो. ती पुढे सांभाळायची कशी, हे मात्र कोणी सांगत नाही. म्हणून आज पेट्रोलच्या फिल्टरविषयी लिहीत आहोत, आणि त्यात आमच्या हातून झालेली एक चूकही नमूद करीत आहोत. चूक लपवून दिलेला सल्ला अर्धाच असतो, असे आम्ही मानतो.

गोष्ट मे २०१३ मधली. थोरल्या वहिनींचे ऑपरेशन मुंबईला झाले होते. त्यांना घेऊन आम्ही नाशिककडे निघालो होतो. गाडी १९९७ सालची, कार्ब्युरेटरची, तिसऱ्या हाताची. पंधरा वर्षांची मुदत संपल्यावर आर.टी.ओ.त पुढील पाच वर्षांसाठी नोंदणी नुकतीच करून घेतलेली. पुतण्या गाडी चालवीत होता. सपाटीला गाडी बरी चालली. कसाऱ्याचा घाट लागला आणि ती आचके देऊ लागली. पाय दाबावा तशी जास्तच गुदमरे. शेवटी वळणावर बंद पडली. मागून ट्रक येत होते, पोटाला टाके असलेल्या वहिनी मागच्या सीटवर घाम पुशीत होत्या आणि आम्ही दोघे दगड शोधीत होतो चाकाला लावायला. दहा मिनिटांनी गाडी पुन्हा सुरू झाली, अर्धा मैल चालली, पुन्हा थांबली. असे करीत घाट चढायला दीड तास लागला.

दुसऱ्या दिवशी एका गॅरेजवाल्याने बोनेट उघडून सांगितले, "पंप गेला. चौदाशे रुपये." आम्ही पेशाने कारकून. खर्चाचे कारण समजल्याशिवाय व्हाउचरवर सही करायची नाही, ही सवय. आम्ही विचारले, "फिल्टर पाहिला का?" तो म्हणाला, "आधी पंप टाकू, मग बघू." आम्ही गाडी घरी आणली.

आता फिल्टर म्हणजे काय ते पाहू. चहाची गाळणी जे काम करते तेच हा डबीएवढा फिल्टर करतो. टाकीत वर्षानुवर्षे गंज, धूळ, पाण्याचा अंश साठतो. टाकीतून निघालेले पेट्रोल फिल्टरच्या आतल्या घडीच्या कागदातून गाळले जाते आणि मग पुढे जाते. जुन्या कार्ब्युरेटरच्या गाडीत बहुधा टाकी, फिल्टर, पंप, कार्ब्युरेटर असा क्रम असतो. कागद चोंदला की पेट्रोल थेंबथेंब येते. गाडी उभी असताना किंवा सपाटीला तेवढे पुरते. चढाला, भरल्या गाडीला जास्त लागते आणि ते मिळत नाही. थोडा वेळ थांबले की कार्ब्युरेटरची वाटी पुन्हा भरते आणि गाडी चालू होते. घाटात आमचे नेमके हेच झाले होते.

मात्र हेच लक्षण पाहून डोळे मिटून फिल्टरच बदलू नये. पंपाचा पडदा फाटला, टाकीच्या झाकणाचे हवेचे छिद्र बुजले किंवा उन्हाळ्यात पाइपात पेट्रोलची वाफ धरली, तरी गाडी अशीच वागते. झाकण उघडताच "फुस्स" करून हवा आत ओढली गेली आणि गाडी सुधारली, तर दोष झाकणात असू शकतो. पण गाडी जुनी असेल आणि मागील मालकाने फिल्टर कधी बदलला याची नोंद नसेल, तर स्वस्त वस्तूपासून सुरुवात करणे शहाणपणाचे.

पुढे वाचण्यापूर्वी एक ठळक सूचना. खाली सांगितलेली रीत फक्त जुन्या कार्ब्युरेटरच्या पेट्रोल गाडीची आहे. २००० सालच्या सुमारास प्रदूषणाचे नियम कडक झाले आणि नव्या गाड्यांत इंजेक्शनची पद्धत आली. त्या गाडीच्या पाइपात सुमारे तीन बार दाब असतो, म्हणजे चाकातल्या हवेहूनही अधिक. पाइप सैल केला की पेट्रोल पिचकारीसारखे तोंडावर येते. कित्येक नव्या गाड्यांत फिल्टर टाकीच्या आत पंपाबरोबरच बसविलेला असतो. सी.एन.जी.च्या गाडीला तर हातही लावू नये. डिझेलच्या गाडीत फिल्टर बदलल्यावर पाइपातली हवा काढावी लागते, ते काम माहीतगाराकडे बसून शिकावे. या सगळ्यांसाठी गॅरेज हीच जागा.

आता रीत. काम दिवसा उजेडी, मोकळ्या जागेत करावे. विजेचा दिवा तारेने ओढून गाडीखाली नेऊ नये, तो फुटला तर ठिणगी पडते. गाडी रात्रभर थंड होऊ द्यावी. टाकीत पेट्रोल कमी असतानाच काम काढावे. जवळपास विडी, स्टोव्ह, चूल, अगरबत्ती काहीही पेटलेले नसावे. बादलीभर कोरडी वाळू आणि मिळाल्यास पावडरचे अग्निशामक जवळ ठेवावे. पेटलेल्या पेट्रोलवर पाणी ओतू नये. पेट्रोल पाण्यावर तरंगते आणि आग पसरते. अंगात सुती कपडे असावेत. मुलांना घरात बसवावे.

प्रथम बॅटरीची ऋण तार, म्हणजे वजा खुणेची, सोडवावी. ती सोडवताना पहिली आणि जोडताना शेवटची. मग टाकीचे झाकण उघडून आतला दाब जाऊ द्यावा. फिल्टर कोठे आहे ते टाकीपासून पाइप धरीत जाऊन शोधावे. काही गाड्यांत तो बोनेटखाली असतो. आमच्या गाडीत तो पोटाखाली, टाकीच्या पुढे होता. गाडीखाली जायचे असेल तर नुसत्या जॅकच्या भरवशावर जाऊ नये. जॅक हा चाक बदलण्यापुरता, माणसाने खाली शिरण्यासाठी नव्हे. आम्ही ओळखीच्या गॅरेजमधून दोन लोखंडी स्टँड मागून आणले, चाकांना दगड लावले आणि काढलेली स्टेपनी गाडीच्या कडेखाली सरकवून ठेवली.

फिल्टरवर एक बाण असतो. पेट्रोल ज्या दिशेने जाते ती दिशा तो दाखवतो, म्हणजे बाण टाकीकडून इंजिनाकडे हवा. जुना काढण्यापूर्वी त्याचा बाण पाहून कागदावर चित्र काढावे. खाली लोखंडी डबा धरावा. दोन्ही टोकांच्या क्लिपा सैल करून आधी टाकीकडचा रबरी पाइप ओढावा आणि त्यात लगेच योग्य जाडीचा बोल्ट खोचावा, नाहीतर टाकी रिकामी होत राहते. पाइपाला तोंड लावून पेट्रोल कधीही ओढू नये. ते फुप्फुसात गेले तर जिवावर बेतते. कोणाच्या पोटात गेलेच, तर उलटी करवू नका, तडक दवाखान्यात न्या.

पुतण्याने जुना फिल्टर काढला आणि पेट्रोल येण्याच्या बाजूने पांढऱ्या फडक्यावर उलटा केला. तपकिरी पाणी आणि गंजाचा चुरा पडला. चौदाशे रुपयांचा पंप निर्दोष होता! नवा फिल्टर नव्वद रुपयांना आणला होता. बाण पाहून तो बसविला, पाइप दोन्हीकडे इंचभर आत सरकविले, क्लिपा आवळल्या, बॅटरी जोडली. पाच-सहा वेळा सेल मारल्यावर इंजिन धरले. संध्याकाळी वहिनींना टाके दाखवायला त्याच गाडीतून नेले. एक आचका नाही. आम्ही रोजखर्चाच्या वहीत मोठ्या ऐटीने लिहिले: बचत रुपये तेराशे दहा.

आता चूक ऐका. दुकानदाराने विचारले होते, "क्लिपा देऊ का? दहाला एक." आम्ही म्हणालो, जुन्या आहेत की. वीस रुपये वाचविले. त्या जुन्या क्लिपांचा ताण केव्हाच गेलेला होता.

आमच्या शेजारी राहणाऱ्या आक्का पहाटे पाचला उठून दाराशी बंब पेटवीत. मुलगा पहिल्या पाळीला जाई, त्याच्या आंघोळीचे पाणी. त्या पहाटे बंबात ढलप्या भरून, काडेपेटी हातात घेऊन त्या थांबल्या. नाकाला वास आला. त्यांनी काडी ओढली नाही. आमच्या दाराची कडी वाजविली आणि म्हणाल्या, "भाऊ, तुमच्या गाडीपाशी पेट्रोलचा वास येतोय. मी बंब पेटवू का नको?"

बाहेर येऊन पाहतो तो फिल्टरच्या टाकीकडच्या टोकातून थेंब थेंब गळत होते. टाकी वर, फिल्टर खाली; इंजिन बंद असले तरी पेट्रोल रात्रभर उतरत राहिले. उताराने ओघळ आक्कांच्या दारावरून गटाराकडे गेला होता. पेट्रोल कडाक्याच्या थंडीतही पेट घेण्याजोगी वाफ सोडते. ही वाफ हवेपेक्षा जड असते, वर उडून न जाता जमिनीसरशी, गटारातून पसरते आणि दूरच्या ठिणगीने पेटून मागे येते. आमची गल्ली सहा फुटांची. दोन्ही बाजूंना झोपलेली घरे.

आम्ही आणि पुतण्या दारोदार गेलो. कोणी काडी ओढू नका, गॅस लावू नका, असे सांगितले. गाडी सुरू न करता चार जणांनी ढकलून मैदानात नेली. गळती बोटाने दाबून धरली, मग पाइप बांधला. शेजारच्या बांधकामावरची वाळू आणून ओघळावर टाकली. त्या दिवशी गल्लीत कोणाच्याही घरी सात वाजेपर्यंत चहा झाला नाही, आणि आक्कांचा मुलगा बिनआंघोळीचा कामावर गेला. दुकान उघडताच स्क्रूच्या दोन नव्या क्लिपा आणि नव्या पाइपाचा तुकडा घेतला. वहीतील बचतीचा आकडा आम्ही लाल शाईने खोडला.

म्हणून रीतीचा शेवटचा भाग सर्वांत महत्त्वाचा समजावा. क्लिपा नेहमी नव्या घ्याव्यात. पाइपाचे टोक चिरले असेल किंवा कडक झाले असेल तर पाइपही बदलावा, तो पेट्रोलसाठीच बनविलेला हवा, पाण्याचा नव्हे. क्लिप पाइपाच्या अगदी टोकाला न लावता थोडी आत लावावी. इंजिन पाच मिनिटे चालवून दोन्ही जोड कोरड्या फडक्याने पुसून पाहावेत. मग इंजिन बंद करून खाली कोरडे वर्तमानपत्र पसरावे आणि अर्ध्या तासाने डाग पाहावा. ती रात्र गाडी घरांपासून दूर उभी करावी व सकाळी पुन्हा कागद पाहावा. जुन्या फिल्टरमधले पेट्रोल गटारात ओतू नये. घट्ट झाकणाच्या डब्यातून गॅरेजवाल्याकडे द्यावे. गंज फार निघाला असेल तर टाकीच साफ करून घ्यावी, नाहीतर नवा फिल्टरही लवकर चोंदेल.

जुनी गाडी बाळगणाऱ्यांसाठी आजचा आणखी एक मुद्दा. २०२५ पर्यंत आपल्या पेट्रोलात वीस टक्क्यांच्या आसपास इथेनॉल मिसळले जाऊ लागले. इथेनॉल पाणी ओढून घेते आणि टाकीत चिकटलेला जुना मळ सुटा करू शकते. जुन्या पद्धतीचे रबरही त्याने लवकर खराब होऊ शकते. तेव्हा पंचवीस वर्षांच्या गाडीचे पाइप आणि फिल्टर पूर्वीपेक्षा अधिक वेळा पाहावेत. बदललेली तारीख आणि किलोमीटर वहीत लिहून ठेवावे.

ती गाडी पुढे भंगारात गेली. वहिनी ठणठणीत आहेत. पुतण्या आज स्वतः गॅरेजमध्ये मिस्त्री आहे. पेट्रोलच्या पाइपाचे कोणतेही काम झाले की तो गाडीखाली वर्तमानपत्र पसरतो आणि गिऱ्हाइकाला अर्धा तास बसवून ठेवतो. गिऱ्हाईक घाई करू लागले की आक्कांच्या काडेपेटीची गोष्ट सांगतो.