‘प्रतिवादी क्रमांक ४’ म्हणजे मीच!

मैत्रिणींनो, या पानावर आपण नेहमी लोणची-मुरंबे, मुलांचे अभ्यास आणि महिनाअखेरची ओढाताण यांच्याविषयी बोलतो. आजचा विषय थोडा वेगळा आहे. पण तोही घरातलाच बरं का! कारण तो आमच्या घरात चक्क दारावरची बेल वाजवून आला.

गेल्या वर्षीची गोष्ट. शनिवारी माझी सकाळची शाळा असते. घरी येऊन कुकर लावला, आमटीला फोडणी देणार एवढ्यात बेल वाजली. दारात बगलेत कागदांचा गठ्ठा घेतलेले एक गृहस्थ उभे.

“कोर्टातून आलोय. बेलिफ. आपल्या नावाचं समन्स आहे. इथं सही करा.”

हे कामावर गेलेले. सासूबाई देवासाठी वाती वळत होत्या, त्या तशाच बाहेर आल्या. “घेऊ नकोस गं! सही तर मुळीच करू नकोस. घेतलंच नाही तर लागू कसं होईल?”

खरे सांगते, माझाही हात मागे आला होता. पण ते गृहस्थ शांतपणे म्हणाले, “बाई, नाकारलंत तर मी तसा शेरा लिहीन आणि नक्कल तुमच्या दाराला चिकटवीन. समन्स बजावलं असं कोर्ट धरू शकतं. घेतलंत तर आत काय लिहिलंय ते निदान तुम्हाला कळेल तरी!”

मी सही केली. कागद उघडला. ‘दिवाणी न्यायाधीश, कनिष्ठ स्तर यांचे न्यायालयात’ अशी सुरुवात. वादी म्हणून माझ्या सख्ख्या आत्याचे नाव. खाली प्रतिवादी : क्रमांक १ काका, २ माझी आई, ३ दादा आणि क्रमांक ४ मी!

आठवीच्या वर्गाला मी मराठी शिकवते. ‘वादी’चा विरुद्धार्थी ‘प्रतिवादी’ हे फळ्यावर कितीदा तरी लिहिले आहे. पण त्या शब्दापुढे स्वतःचे नाव वाचताना पाय लटपटले. सासूबाईंनी तर डोळ्यांना पदरच लावला. “आमच्या घराण्यात आजवर कुणी कोर्टाची पायरी चढलं नव्हतं.” आमटी त्या दिवशी करपली हे निराळे सांगायला नकोच.

आमच्या खालच्या मजल्यावर नाना राहतात. कोर्टात कारकुनी करून निवृत्त झालेले. संध्याकाळी कागद घेऊन त्यांच्याकडे गेले. चष्मा पुसत त्यांनी सगळा वाचला आणि हसून म्हणाले, “अगो, रडतेस कशाला? तुझ्या आजोबांच्या जमिनीच्या वाटणीचा दावा आहे हा. वाटणी मागायची तर सगळ्या हिस्सेदारांना दाव्यात घ्यावंच लागतं. जो मागतो तो वादी, बाकीचे प्रतिवादी. तू काही गुन्हा केलेला नाहीस.”

मैत्रिणींनो, पहिला धडा हाच. कोर्टातली कामे मुख्यतः दोन प्रकारची. हक्क, मिळकत, पैसा, वाटणी यांची ती दिवाणी. गुन्ह्याची ती फौजदारी. दिवाणीत ‘वादी’ आणि ‘प्रतिवादी’ असतात, फौजदारीत ‘फिर्यादी’ आणि ‘आरोपी’. पोटगीसारख्या अर्जाच्या कामात ‘अर्जदार’ आणि ‘सामनेवाले’ किंवा ‘गैरअर्जदार’. तेव्हा कागद हातात आला की आधी आपल्या नावापुढचा शब्द पाहावा. निम्मी भीती तिथेच उतरते. समन्स हा शब्दही तसाच. समन्स म्हणजे ‘अमुक तारखेला या’ असा कोर्टाचा सांगावा. अटकेशी त्याचा संबंध नाही. पकडून आणण्याचा हुकूम असतो त्याला वॉरंट म्हणतात.

“पण नाना, गेलेच नाही तर?” मी विचारले.

“लग्नाच्या पंगतीला तू गेली नाहीस म्हणून पंगत थांबते का? दावा एकतर्फी चालतो, आणि तुझं म्हणणं न ऐकताच निकाल होतो.”

मग त्यांनी मला ‘कैफियत’ हा शब्द समजावला. आपण बोलताना म्हणतो, ‘तिने आपली कैफियत मांडली’, म्हणजे रडगाणे. कोर्टात मात्र कैफियत म्हणजे दाव्याला प्रतिवादीने दिलेले लेखी उत्तर. समन्स मिळाल्यापासून ३० दिवसांत ते द्यायचे. कारण सांगून मुदत वाढवून मिळते, पण साधारणपणे ९० दिवसांपर्यंतच. मुदत गेली की ‘कैफियतीशिवाय दावा पुढे चालवावा’ असा हुकूम होतो. एकतर्फी निकाल झालाच, तर तो रद्द करून मागता येतो. पण त्यालाही ३० दिवसांची मुदत असते आणि गैरहजेरीचे सबळ कारण द्यावे लागते. हे सगळे १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेप्रमाणे चालते. फौजदारीचे जुने कायदे १ जुलै २०२४ पासून बदलले, दिवाणीची ही संहिता मात्र तीच आहे.

मी वही काढली आणि शाळेतल्या मुलांसारखी शब्दार्थ लिहायला बसले. त्यातले काही तुमच्यासाठी इथे देते. कात्रण काढून ठेवा, हवे तर मसाल्याच्या डब्याच्या झाकणाला चिकटवा!

वकीलपत्र : ‘माझ्यातर्फे या वकिलांनी काम चालवावे’ असे आपण सहीने दिलेले पत्र.

कुलमुखत्यारपत्र : आपल्या वतीने व्यवहार करण्याचा, सह्या करण्याचा अधिकार दुसऱ्याला देणारा कागद. वकीलपत्राहून निराळा आणि फार जपून द्यायचा.

प्रतिज्ञापत्र : शपथेवर केलेले लेखी कथन. खोटे लिहिले तर शिक्षा होऊ शकते.

तूर्तातूर्त मनाई : दाव्याचा निकाल लागेपर्यंत अमुक गोष्ट करू नये, जमीन विकू नये, बांधकाम करू नये, असा हुकूम. आपल्याकडच्या कोर्टांत या अर्जाला ‘निशाणी ५’ म्हणतात. वकील आपापसांत ‘निशाणी पाचवर युक्तिवाद झाला’ म्हणतात तो हाच.

जैसे थे : आहे ती परिस्थिती कुणीही बदलू नये.

सरतपास आणि उलटतपास : साक्षीदाराला त्याच्याच बाजूच्या वकिलाने विचारायचे ते पहिले, विरुद्ध बाजूने विचारायचे ते दुसरे.

पुरसीस : कोर्टाला एखादी गोष्ट कळवणारे छोटे लेखी निवेदन. ‘आम्हाला आणखी पुरावा द्यायचा नाही’ असे सांगायचे तरी पुरसीस द्यायची.

तहकूब : आजचे काम पुढच्या तारखेवर गेले. दावा बुडाला असा अर्थ नव्हे.

हुकूमनामा : निकालाप्रमाणे कुणाला काय मिळाले हे सांगणारा कोर्टाचा अधिकृत दस्त.

दरखास्त : हुकूमनाम्याची अंमलबजावणी करून मागण्याचा अर्ज. नुसता दावा जिंकून भागत नाही, स्वयंपाक झाला तरी वाढावे लागतेच ना!

नाना म्हणाले, “हे शब्द अवघड नाहीत, जुने आहेत.” खरेच आहे. वकील, कैफियत, दरखास्त, तारीख हे मूळचे फारसी-अरबीतून आलेले शब्द, शेकडो वर्षे मराठीत मुरलेले. आपल्या पणजोबांच्या वेळच्या कागदांतही सापडतील.

आता खरी गोष्ट पुढेच आहे. ती लिहावी की नाही याचा मी पुष्कळ विचार केला. हे म्हणाले, “लिही. दुसऱ्या कुणाच्या उपयोगी पडेल.” म्हणून लिहिते.

पुढच्या रविवारी दादा आला. येताना आईने दिलेल्या कुरडया आणि मुलांना खाऊ. मी पोहे केले. चहा झाल्यावर त्याने पिशवीतून कागद काढले. “काही नाही गं, आपल्या सगळ्यांचा एकच वकील केलाय. तू फक्त फुल्या केल्यात तिथं सह्या कर. मला दोनची गाडी गाठायचीय.”

आठ दिवसांपूर्वीची मी असते तर पोह्यांच्या बश्या उचलता उचलता सह्या करून मोकळी झाले असते. आजवर तसेच केले होते. बाबा गेले तेव्हाही कुठल्या कुठल्या कागदांवर सह्या केल्याच होत्या. पण नानांची शिकवणी ताजी होती. म्हटले, “वाचते हं जरा.”

पहिले वकीलपत्र. दुसरी आम्हा सगळ्यांची मिळून एकच कैफियत. वाचत वाचत नवव्या परिच्छेदाशी आले आणि थांबले. तिथे लिहिले होते, ‘प्रतिवादी क्रमांक ४ हिने वडिलांचे निधनानंतर दावा मिळकतीतील आपला हक्क प्रतिवादी क्रमांक ३ चे लाभात स्वखुशीने सोडून दिलेला आहे.’ आणि शेवटी सत्यापन : ‘वरील मजकूर माझ्या माहितीप्रमाणे खरा व बरोबर आहे.’ त्याखाली माझ्या सहीसाठी फुली.

“दादा, असं मी कधी म्हटलं?”

तो कागदाकडे पाहतच राहिला. म्हणाला, “वकिलांनी लिहिलंय. तसं बरं पडतं म्हणाले. तू कुठं कधी हिस्सा मागितला आहेस?”

मागितला नव्हता, हे खरेच. पण न मागणे आणि सोडून देणे या दोन निराळ्या गोष्टी आहेत. नानांनी मला सांगितले होते, स्थावर मिळकतीतला हक्क दुसऱ्याच्या नावे सोडायचा तर हक्कसोडपत्र लिहून ते दुय्यम निबंधकाकडे नोंदवतात. पण कोर्टासमोर आपणच सहीनिशी ‘सोडला’ म्हणून लिहून दिले, तर ती आपली कबुली ठरते. आणि कबुलीतून मागे फिरणे सोपे नसते.

हक्क तरी कुठला, असे तुम्ही विचाराल. हिंदू कुटुंबात वडील मृत्युपत्र न करता गेले, तर त्यांच्या स्वतःच्या मिळकतीत पत्नी, मुलगे, मुली, आणि हयात असल्यास वडिलांची आई, यांना सारखा वाटा. हे १९५६ च्या वारसा कायद्यापासून आहे. वडिलोपार्जित एकत्र मिळकतीत मुलीला मुलासारखाच जन्मतः हक्क ९ सप्टेंबर २००५ पासून मिळाला. त्या दिवशी वडील हयात असलेच पाहिजेत असे नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने ११ ऑगस्ट २०२० च्या निकालात स्पष्ट केले. २० डिसेंबर २००४ च्या आधी रीतसर वाटण्या होऊन गेल्या असतील तर त्या मात्र बदलत नाहीत.

मी दादाला एवढेच म्हटले, “तुझ्यावर माझा राग नाही. पण जे मी केलं नाही, ते केलं म्हणून सही करणार नाही.” तो कागद गोळा करून निघाला. उंबऱ्यात चपला घालताना म्हणाला, “आता तूसुद्धा आत्यासारखी का?” दोनची गाडी त्याला मिळाली असेल. मी मात्र संध्याकाळपर्यंत त्या पोह्यांच्या बशा धुतल्या नाहीत.

नाना म्हणाले, “हितसंबंध एक असतील तर एक वकील चालतो. वेगळे झाले की वेगळा करावा.” पण वकिलाची फी कुठून आणायची? तेव्हा एक गोष्ट कळली, ती प्रत्येकीने पक्की लक्षात ठेवावी. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याप्रमाणे स्त्रीला, तिचे उत्पन्न कितीही असो, मोफत कायदेशीर मदत मिळू शकते. जिल्हा न्यायालयात जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचे आणि तालुक्याच्या कोर्टात तालुका समितीचे कार्यालय असते. १५१०० या क्रमांकावर फोन करूनही चौकशी करता येते. मी अर्ज केला, मला वकीलबाई मिळाल्या. त्यांनी माझी वेगळी कैफियत लिहिली. साधी, दीड पानांची. वाटणीला माझी हरकत नाही, माझा जो काही हिस्सा कायद्याने निघेल तो ठरवावा, एवढेच. मुदतीत दाखल झाली.

दाव्याची तारीख आता मी घरबसल्या मोबाइलवर पाहते. कोर्टात दाखल झालेल्या दाव्याला सोळा अंक-अक्षरांचा सीएनआर क्रमांक मिळतो. ई-कोर्ट्सच्या ॲपमध्ये तो घातला की पुढची तारीख दिसते. सासूबाई आता विचारतात, “काय गं, तहकूब का?” शब्द त्यांच्याही तोंडात बसलाय!

दावा अजून चालू आहे. तडजोडीसाठी लोकअदालतीत ठेवावा असे वकीलबाई म्हणतात. तिथे फी लागत नाही, आणि तडजोड झाली की तो निवाडा अंतिम, त्यावर अपील नाही. म्हणून तिथेही सही करण्याआधी शब्द न् शब्द वाचायचा.

आणि दादा? दोन महिने फोन नव्हता. राखीला येतो की नाही याची धाकधूक होती. आला. नेहमीपेक्षा कमी बोलला, पण आला. निघताना हळूच म्हणाला, “तो नववा परिच्छेद आमच्या कैफियतीतूनही काढायला लावला मी.” मी काही बोलले नाही, डब्यात नारळीभात भरून दिला.

उद्या कदाचित मी माझा हिस्सा दादाच्या नावे करूनही देईन. आईला तो सांभाळतो, रानात राबतो, हे मला दिसते. पण तो निर्णय मी समजून-उमजून, वाचून घेतलेला असेल. पोह्यांच्या बशा उचलताना हातून गेलेला नसेल.

तेव्हा मैत्रिणींनो, भाजी घेताना आपण वांगे उलटेपालटे करून पाहतो, साडीचा काठ उन्हात धरून बघतो. सहीसाठी पुढे केलेला कागदही तसाच पाहायचा. कोरा असेल तर सही नाही, वाचला नसेल तर सही नाही, आणि सही केलीच तर त्याची नक्कल आपल्या कपाटात. एवढे नियम पाळले तरी पुष्कळ.

पुढच्या खेपेला आपण पुन्हा आपल्या वाळवणांकडे वळू. तोवर तुमच्या घरात एखादा न समजलेला कागद बासनात पडून असेल, तर तो काढून वाचा.