इमारत रिकामी करा, पण माणसाला आधी छत द्या

मा. राजदूत,
भारतीय दूतावास, कुवेत



१२ जून २०२४च्या पहाटे अहमदी प्रांतातल्या मंगफमध्ये कामगारांची इमारत पेटली. जवळपास दोनशे माणसं तिथे राहत होती. दोन दिवसांनी हवाई दलाच्या विमानाने ४५ भारतीयांचे मृतदेह कोचीला आणले. त्यांत एक महाराष्ट्रातला होता. त्यानंतर नियम मोडणाऱ्या, दाटीवाटीच्या इमारतींवर कारवाई सुरू झाली. ती व्हायलाच हवी होती.

पण इमारत रिकामी झाली, त्या रात्री आतल्या माणसाने कुठे झोपायचं?

कुवेत ऑइल कंपनीने १९४०च्या दशकात अहमदी शहर वसवलं, ते आपल्या माणसांना घरं देण्यासाठी. आज त्याच प्रांतातल्या महबूला, मंगफ, फहाहीलमधल्या हजारोंची खाट नोकरीला बांधलेली आहे. नोकरी गेली की खोली जाते. इकामा (निवास परवाना) गेला की दुसरी खोली मिळणं दुरापास्त. कुटुंबांच्या वस्तीत एकट्याने राहणाऱ्या ‘बॅचलर’ला थारा नाही. असा माणूस फुटपाथवर दिसत नाही, कारण तो गाववाल्याच्या खोलीत पाळीपाळीने झोपतो. म्हणजे पुन्हा तीच दाटी आणि आगीचा तोच धोका.

इथे मोर्चा काढता येत नाही, परवानगीशिवाय वर्गणीही गोळा करता येत नाही. तरी साधी नोकरदार माणसं कामावरून सुटल्यावर कुणासाठी डबा पोचवतात, गादी शोधतात, अरबी येणाऱ्याला सोबत घेऊन कामगार कार्यालयात जातात. बेघरांच्या हक्काची चळवळ इथे अशीच चालते. तिला आपल्या पाठबळाची गरज आहे.

भारतात सर्वोच्च न्यायालयाने २०१० साली मोठ्या शहरांत दर लाख वस्तीमागे एक निवारा उभारायला सांगितलं. समुद्र ओलांडला म्हणून भारतीयाचा हा हक्क संपू नये. संकटातल्या भारतीयांच्या निवासासाठी २००९पासून भारतीय समुदाय कल्याण निधी आहे. इमारत सील झाल्याने उघड्यावर आलेल्या पुरुष कामगारालाही त्यातून तातडीने छत द्या. पर्यायी जागा दिल्याशिवाय कामगारांना बाहेर काढू नये, आणि ती जबाबदारी कंपनीवर असावी, हा आग्रह कुवेत सरकारकडे धरा. मदत करणाऱ्या स्वयंसेवकांना दूतावासाचं ओळखपत्र द्या, म्हणजे त्यांना बिचकत काम करावं लागणार नाही.

पुढच्या तपासणी मोहिमेच्या आधी एवढं व्हावं, ही कळकळीची मागणी.

आपला,
अहमदीतला एक मराठी रहिवासी